शेतावरचा मोठा मिश्र जातीचा कुत्रा : ‘थांब’, ‘ये’, ‘सोड’ आणि ‘जागेवर’ शिकवण्याची पद्धत

कर्जत आणि खालापूर तालुक्यांत पावसाळी भात, त्यामागून त्याच खाचरात वाल, राजनाल्याच्या पाण्यावर उन्हाळी भात, जोडीला भाजीपाला, शेळ्या आणि कोंबड्यांच्या शेड अशी शेती चालते. रानडुक्कर, वानर आणि भुरट्या चोरांपासून राखण करण्यासाठी बहुतेक घरी कुत्रा असतो. आता अनेक वाड्या आणि फार्महाऊसवर गावठी कुत्र्याचा जर्मन शेफर्ड किंवा लॅब्रेडॉरशी संकर झालेले मोठे कुत्रे दिसतात. त्यांचे वजन २५ ते ३५ किलोपर्यंत भरते.

असा कुत्रा अंगणात ‘बस’ म्हटल्यावर बसतो, पंजाही देतो. पण तोच कुत्रा शेजाऱ्याच्या शेळीमागे, मोटारसायकलमागे किंवा डुकरामागे धावत सुटला की हाक ऐकत नाही. कारण सरळ आहे. त्याला आज्ञा अंगणात शिकवली गेली, शेतात नाही. कुत्रा शब्द शिकताना त्यासोबत ती जागा, ते अंतर आणि तो शांतपणाही शिकतो. जागा बदलली की त्याच्यासाठी धडा नवा होतो. म्हणून पुढच्या आज्ञा शिकवताना नवे शब्द वाढवण्यापेक्षा मोजकेच शब्द वेगवेगळ्या जागी पक्के करणे महत्त्वाचे आहे.

कोणत्या आज्ञा उपयोगाच्या?

शेतावरच्या कुत्र्याला चार आज्ञा पक्क्या आल्या तरी पुरे.

- थांब : लांब असतानाही जिथे आहे तिथे उभे राहणे. रस्ता, लोहमार्ग, कालवा, चालू ट्रॅक्टर किंवा पॉवर टिलर समोर असताना ही आज्ञा जीव वाचवते.
- ये : हातातले सोडून मालकाकडे परत येणे. रानाच्या कडेला आणि दुसऱ्याच्या जनावरांजवळ उपयोगी.
- सोड : समोरच्या वस्तूला तोंड न लावणे आणि तोंडात असेल तर टाकणे. मेलेला उंदीर, विषारी आमिष आणि साप यांच्यासाठी.
- जागेवर : ठरलेल्या जागी जाऊन मोकळे करेपर्यंत थांबणे. पाहुणे, मजूर, दूधवाला किंवा पशुवैद्यक आल्यावर उपयोगी.

‘छू’ म्हणून कुत्रा अंगावर सोडायला मात्र शिकवू नये. सोडलेला मोठा कुत्रा चोर आणि वाट चुकलेले मूल यांत फरक करत नाही. अनोळखी माणूस आल्यावर भुंकून वर्दी देणे एवढे राखणीला पुरेसे असते.

सुरुवात करण्यापूर्वी

- कुत्रा किमान सहा महिन्यांचा असावा. ‘बस’, नावाला वळून पाहणे आणि दोरीने सोबत चालणे या तीन गोष्टी त्याला येत असाव्यात. मोठे झालेले कुत्रेही शिकते, फक्त जुन्या सवयी मोडायला वेळ लागतो.
- मोठ्या अंगाच्या कुत्र्याची हाडे सव्वा ते दीड वर्षापर्यंत पक्की होत असतात. तोवर उंच बांधावरून उड्या मारायला लावू नये.
- रेबीजची लस वयाच्या तीन महिन्यांपासून आणि पुढे पशुवैद्यकाच्या सल्ल्याने नियमित द्यावी. आपल्याकडे पावसाळ्यात खाचरात पाणी साचते, त्यामुळे लेप्टोस्पायरोसिसची लसही विचारून घ्यावी. हा आजार माणसालाही होतो.
- गोचीड, कानाचा संसर्ग किंवा पायाला जखम असलेले कुत्रे आज्ञा टाळते. त्याला हट्टी ठरवण्याआधी तपासून घ्यावे.
- पोटभर जेवणानंतर लगेच पळवू नये. किमान तासभर जाऊ द्यावा.

साहित्य : छातीला बसणारा पट्टा, साधारण १० मीटर लांब जाड सुती दोरी, शिट्टी, खाऊची पिशवी आणि एक गोणपाट. बैलाचा जुना सुती कासरा जोडूनही दोरी होते. बारीक नायलॉनची दोरी हात कापते. लांब दोरी गळपट्ट्याला बांधू नये. ३० किलोचा कुत्रा धावत जाऊन दोरीच्या टोकाला पोहोचला की सगळा झटका मानेला बसतो. ती छातीच्या पट्ट्यालाच बांधावी. काटेरी तारा आणि खिळ्यांची गळपट्टी वापरू नये.

आधी घरात शब्द ठरवा

शिकवण्यातला मोठा घोटाळा कुत्र्याकडून होत नाही, माणसांकडून होतो. घरातला एक जण ‘ये’ म्हणतो, दुसरा ‘इकडे’, तिसरा ‘यू-यू’ करतो. फार्महाऊसवर मालक शनिवार-रविवारी येऊन ‘कम’ म्हणतो आणि राखणदार आठवडाभर मराठीत बोलतो. कुत्र्याला यातून एकच गोष्ट समजते, की शब्दाला फार अर्थ नाही.

- प्रत्येक कामाला एकच शब्द ठेवावा आणि तो सगळ्यांनी तसाच उच्चारावा. शब्दांची यादी ओटीवर भिंतीला लावावी.
- ‘यू-यू’ ही हाक गावातला कोणीही भाकर टाकताना मारतो. ती आज्ञा म्हणून वापरू नये.
- ‘बस’ हा शब्द आपण ‘बस झाले’ म्हणूनही दिवसभर वापरतो. ‘ये’ आणि ‘थांब’ मुलांनाही म्हणतो. म्हणून आज्ञेआधी कुत्र्याचे नाव घ्यावे आणि सोबत हाताची खूण ठेवावी.
- ‘हाड’ हा हुसकावण्याचा शब्द आहे. कुत्र्याला रागाने ‘हाड’ म्हणून लगेच ‘ये’ म्हटले तर तो गोंधळतो.
- थांबण्याची आज्ञा कधी संपली हे कळण्यासाठी ‘मोकळा’ असा एक शब्द ठेवावा. तो म्हटल्याशिवाय कुत्र्याने जागा सोडायची नाही, आणि आपणही तो म्हणायला विसरायचे नाही.

लांबच्या आज्ञांसाठी शिट्टी सोयीची. एक लांब शिट्टी म्हणजे ‘थांब’, दोन आखूड म्हणजे ‘ये’. पावसात, ओढ्याच्या आवाजात आणि वाऱ्यात माणसाचा आवाज पोहोचत नाही, शिट्टी पोहोचते. शिवाय शिट्टीत राग किंवा घाबरेपणा उमटत नाही, ती दर वेळी सारखीच ऐकू येते. ब्रिटनमधले मेंढपाळ डोंगरावर दूर गेलेल्या कुत्र्याला शिट्टीनेच वळवतात आणि थांबवतात.

खाऊ कोणता द्यावा?

बोटाच्या पेरापेक्षा लहान तुकडे करावेत. सोप्या कामाला भाकरीचा तुकडा, अवघड कामाला उकडलेले अंडे किंवा हाडाशिवाय उकडलेले चिकन द्यावे. बिनमिठाचा सुका जवळा थोडा दिला तरी चालतो, त्याचा वास कुत्र्याला लांबून येतो. कांदा, लसूण, द्राक्षे, मनुका, चॉकलेट आणि शिजवलेल्या कोंबडीची हाडे देऊ नयेत. जेवढा खाऊ दिला तेवढे रोजचे जेवण कमी करावे.

कुत्र्याने बरोबर केल्यावर एक-दोन सेकंदांत ‘शाब्बास’ म्हणून खाऊ द्यावा. उशीर झाला तर बक्षीस कशाचे ते त्याला कळत नाही. आज्ञा पक्की झाल्यावर दर वेळी खाऊ देण्याची गरज नाही. कधी खाऊ, कधी पाठीवर थाप, कधी मोकळे सोडणे असे अंदाज न येणारे बक्षीस ठेवावे. अशाने सवय जास्त टिकते.

मुख्य सूत्र : अंतर, वेळ आणि मोह

प्रत्येक आज्ञा तीन बाजूंनी अवघड होते. कुत्रा आपल्यापासून किती लांब आहे, त्याला किती वेळ थांबायचे आहे आणि आजूबाजूला किती मोह आहे. यातली एका वेळी एकच गोष्ट वाढवावी. अंतर वाढवले की वेळ कमी करावा. कोंबड्या दिसत असतील तर कुत्र्याला अगदी जवळ ठेवून शिकवावे.

भातकापणीनंतर वाल पेरलेला नसेल अशी रिकामी खाचरे यासाठी उत्तम आहेत. खाचराचा बांध हेच मोजमाप धरावे.

१. पहिला आठवडा : अंगणात, दोन-तीन पावलांवरून.
२. दुसरा आठवडा : एका खाचरात, पाच पावलांवरून, लांब दोरीने.
३. तिसरा आणि चौथा आठवडा : खाचराच्या एका बांधापासून दुसऱ्या बांधाच्या दिशेने, दोरीच्या लांबीपर्यंत.
४. पाचवा आणि सहावा आठवडा : जागा बदलून. ओढ्याकाठी, आंब्याखाली, गोठ्याजवळ. प्रत्येक नव्या जागी पुन्हा दोन पावलांपासून सुरुवात करावी. आता प्रगती लवकर होते.
५. त्यापुढे : मोह आणावा. आधी ओळखीचा माणूस, मग सायकल, मग कुंपणापलीकडच्या शेळ्या, शेवटी कोंबड्या.

पुढची पायरी केव्हा घ्यावी? सलग दहा वेळा सांगून नऊ वेळा पहिल्याच हाकेला जमले तर. पाच-सहा वेळाच जमत असेल तर एक पायरी मागे यावे. आठवडे हे केवळ अंदाजासाठी आहेत, निर्णय या मोजणीवर घ्यावा. वहीत रोजची नोंद ठेवली तर दोघांनी मिळून शिकवणेही सोपे जाते.

चार आज्ञा, पायरी-पायरीने

थांब

१. कुत्र्यासोबत चालताना ‘थांब’ म्हणून स्वतः थांबावे, तळहात त्याच्या समोर धरावा. तो थांबला की खाऊ त्याच्या तोंडाशी न्यावा. त्याला आपल्याकडे बोलावून देऊ नये, नाहीतर तो थांबण्याऐवजी पुढे सरकायला शिकतो.
२. कुत्रा आपल्याकडे चालत येत असताना हात उंच करून ‘थांब’ म्हणावे आणि त्याच्या दिशेने एक पाऊल टाकावे. थांबला की खाऊ त्याच्या मागे फेकावा. त्यामुळे त्याचा कल मागे राहतो.
३. नंतर लांब दोरीवर, पाठमोरा जात असताना शिट्टीने थांबवावे. थांबल्यावर आपण चालत जाऊन खाऊ द्यावा.
४. पायवाट रस्त्याला मिळते तिथे दर वेळी थांबण्याची सवय लावावी. काही आठवड्यांत तो न सांगता थांबू लागतो. जुना मुंबई-पुणे रस्ता किंवा कर्जत-खोपोली लोहमार्ग वाडीजवळून जात असेल तर हा सराव रोज करावा, तोही दोरी हातात ठेवूनच.

ये

१. घरातील दोघांनी दहा पावलांवर उभे राहून आळीपाळीने बोलवावे. आल्यावर प्रत्येक वेळी चांगला खाऊ द्यावा.
२. शेतात दोरीवर बोलवावे, खाऊ द्यावा आणि लगेच ‘मोकळा’ म्हणून परत हुंदडू द्यावे. बोलावून दर वेळी साखळीला बांधले तर ‘ये’ म्हणजे मौज संपली असा अर्थ तो घेतो.
३. आंघोळ, औषध किंवा इंजेक्शनसाठी ‘ये’ म्हणू नये. तेव्हा आपण जाऊन त्याला घेऊन यावे.
४. हाक एकदाच मारावी. आला नाही तर दोरी खेचून ओढू नये. उलट दिशेने पळावे किंवा खाली बसावे, बहुतेक कुत्रे कुतूहलाने येतात.
५. उशिरा आला तरी मारू नये. मार त्याच्या पळण्याला नव्हे, परत येण्याला बसतो.

सोड

१. मुठीत भाकरीचा तुकडा धरावा. कुत्रा हुंगेल, चाटेल. त्याने तोंड मागे घेतले की ‘सोड’ म्हणून दुसऱ्या हातातला चांगला खाऊ द्यावा.
२. मूठ उघडी करावी, मग तुकडा जमिनीवर पायाखाली ठेवावा, शेवटी उघडा ठेवून दोरीने त्याच्या बाजूने चालवावे.
३. जी वस्तू सोडायला सांगितली ती बक्षीस म्हणून कधीच देऊ नये.
४. तोंडात काही असेल तर बळाने जबडा उघडू नये. चांगला खाऊ नाकाशी धरून अदलाबदल करावी.

आपल्या भागात ही आज्ञा सर्वांत मोलाची आहे. भातातल्या उंदरांसाठी झिंक फॉस्फाईडचे आमिष ठेवतात आणि गोगलगायींसाठी मेटाल्डिहाइडच्या गोळ्या टाकतात. दोन्ही कुत्र्याला जीवघेण्या आहेत. पावसाळ्यात बांधावर घोणस, फुरसे, नागही निघतात. सराव मात्र खऱ्या आमिषावर किंवा मेलेल्या सापावर करू नये. आणि आज्ञा कितीही पक्की असली तरी आमिष ठेवलेल्या दिवसांत कुत्रा बांधावर मोकळा सोडू नये. विषारी काही खाल्ल्याचा संशय आला तर औषधाचे वेष्टन सोबत घेऊन ताबडतोब पशुवैद्यक गाठावा. मीठपाणी पाजून उलटी करवण्याचा प्रयत्न करू नये.

जागेवर

१. ओटीच्या कोपऱ्यात गोणपाट अंथरावे. कुत्रा त्यावर पाय ठेवताच ‘जागेवर’ म्हणून खाऊ गोणपाटावरच टाकावा.
२. बसल्यावर पाच सेकंद, मग दहा, मग मिनिट असा वेळ वाढवावा. ‘मोकळा’ म्हणून सोडावे.
३. घरातल्या माणसाने दारातून ये-जा करावी, मग शेजाऱ्याने, मग अनोळखी माणसाने.
४. गोणपाट शेतात नेऊन आंब्याखाली किंवा मांगराजवळ टाकावे. कुत्र्याची जागा गोणपाटासोबत फिरते, त्यामुळे कापणी-मळणीच्या वेळी मजुरांच्या पायात येत नाही.

मिश्र जातीचा कल ओळखा

मिश्र जातीच्या कुत्र्यात कोणाचा अंश किती, हे रूप पाहून नक्की सांगता येत नाही. त्यापेक्षा वागणूक पाहावी.

- सतत नाक जमिनीला आणि तोंडात काहीतरी : ‘सोड’वर दुप्पट वेळ द्यावा.
- हलणाऱ्या वस्तूमागे धाव : ‘थांब’ आधी पक्के करावे, मोह फार हळू वाढवावा.
- अनोळखी माणसावर गुरगुर : ‘जागेवर’ला प्राधान्य द्यावे, दुरूनच ओळख करून द्यावी.
- गावठी अंश जास्त, सावध आणि स्वतंत्र : धडा पाच मिनिटांचाच ठेवावा. एकच गोष्ट वीस वेळा करून घेतली तर तो निघून जातो.

साधारण सहा ते अठरा महिन्यांच्या वयात शिकलेले कुत्रेही हाक टाळू लागते. हे वयाचे लक्षण आहे. या काळात मार न देता पुन्हा लांब दोरी लावावी.

हंगामानुसार वेळापत्रक

- नोव्हेंबर ते फेब्रुवारी : शिकवण्याचा उत्तम काळ. खाचरे मोकळी, हवा थंड. रोज पाच ते दहा मिनिटांचे दोन धडे. दिवाळीनंतर घाटावरून मेंढरे घेऊन धनगर उतरतात. तेव्हा कुत्रा दोरीवर ठेवावा. मेंढरांकडे पाहून परत मालकाकडे पाहणे हा चांगला धडा ठरतो.
- मार्च ते मे : सकाळी आठच्या आत धडा उरकावा. हाताची मागची बाजू जमिनीवर पाच सेकंद टेकवता येत नसेल तर कुत्र्याचे पंजेही भाजतात.
- जून ते सप्टेंबर : पडवीत ‘जागेवर’ आणि ‘सोड’चा सराव चालू ठेवावा. पूर आलेल्या ओढ्याजवळ मोकळे सोडू नये. फिरवून आणल्यावर पंजे धुऊन कोरडे करावेत.

कायदा आणि शेजार

कुत्रे सोडून रानडुक्कर, भेकर किंवा ससा पळवून पकडणे ही वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ नुसार शिकारच आहे. शिकारीचा प्रयत्नही त्यात येतो. कुत्र्याने बांधापर्यंत जाऊन भुंकावे आणि हाकेला परत यावे, एवढीच राखण शिकवावी. जखमी डुक्कर उलटून कुत्र्याला फाडते, हेही लक्षात ठेवावे. पिकाचे नुकसान झाल्यास वनविभागाकडे लगेच कळवून पंचनामा करून घ्यावा आणि भरपाईसाठी अर्ज करावा.

कुत्र्यापासून इतरांना धोका होऊ नये याची खबरदारी न घेतल्यास भारतीय न्याय संहितेच्या कलम २९१ नुसार मालकावर कारवाई होऊ शकते. दुसरीकडे, जनावराला गैरवाजवी काळ आखूड किंवा जड साखळीला बांधून ठेवणे हा प्राण्यांना क्रूरतेने वागवण्यास प्रतिबंध अधिनियम, १९६० खाली गुन्हा आहे. दिवसभर बांधलेला कुत्रा सुटला की आज्ञा ऐकत नाही, हा अनुभव सगळीकडचा आहे.

कुत्रा चावल्यास जखम साबण आणि वाहत्या पाण्याने १५ मिनिटे धुवावी. हळद, चुना, मिरची लावू नये. लगेच सरकारी दवाखान्यात जाऊन रेबीजची लस घ्यावी. बिबट्याचा वावर असलेल्या पट्ट्यात रात्री कुत्रा उघड्यावर बांधू नये, बंद जागेत ठेवावा.

दोरी काढण्यापूर्वीची परीक्षा

लांब दोरी काढण्याची घाई हेच बहुतेक अपयशाचे कारण असते. पुढील सर्व गोष्टी तीन वेगवेगळ्या ठिकाणी, दहापैकी नऊ वेळा, पहिल्याच हाकेला जमल्या तरच दोरी काढावी.

- २० पावलांवरून पाठमोरा जाताना शिट्टीला थांबतो.
- कुंपणापलीकडे शेळ्या किंवा कोंबड्या असताना बोलावल्यावर येतो.
- वाटेत पडलेला भाकरीचा तुकडा ‘सोड’ म्हटल्यावर सोडून पुढे जातो.
- अनोळखी माणूस अंगणात आल्यावर दहा मिनिटे जागेवर थांबतो.
- घरातील किमान दोन माणसांचे ऐकतो.

यातली शेवटची अट अनेकदा राहून जाते. मालक कर्जतच्या बाजाराला गेला आणि घरी आजी व नातवंडे असली, तर कुत्रा त्यांच्या हाकेलाही थांबला पाहिजे. म्हणून आठवड्यातले किमान दोन धडे घरातल्या दुसऱ्या माणसाने घ्यावेत. परीक्षा उत्तीर्ण झाल्यावरही रोज पाच मिनिटांचा सराव चालू ठेवावा. रस्ता, लोहमार्ग आणि दुसऱ्याची जनावरे जवळ असतील तिथे दोरी कधीही सोडू नये.